फाटकाशी लावलेला कॅमेरा

शहरी जीवनावरच्या मूकपटांचा विषय निघाला की जाणकार रुटमानच्या 1927च्या बर्लिनपटाचं नाव घेतात, नाहीतर झिगा व्हेर्टोव्हच्या 1929च्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’चं. दोन्ही थोर. पण या घराण्याचं कूळ शोधत गेलं तर आपण थेट कारखान्याच्या फाटकाशी पोचतो.

1895च्या मार्चमध्ये फ्रान्समधल्या ल्यों शहरात लुई ल्युमिएरनं घरच्याच कारखान्यासमोर कॅमेरा मांडला. सुट्टी होते, कामगार बाहेर पडतात, संपलं. जेमतेम 50 सेकंद. गंमत अशी, की या चित्रणाच्या तीन आवृत्त्या आहेत : एकीत दोन घोड्यांची गाडी, एकीत एका घोड्याची, एकीत गाडीच नाही. कॅमेऱ्यामागे मालक आणि समोर त्याचीच पगारी माणसं! ‘जसं घडलं तसं’ दाखवणाऱ्या प्रकाराची सुरुवातच अशी रीटेकनं झाली. 7 जुलै 1896ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झालेल्या पहिल्या खेळातही हे फाटक होतं.

त्याचा धंदा केला तो इंग्लंडमध्ये, ब्लॅकबर्नच्या मिचेल आणि केनियन या जोडीनं. जत्रेत तंबू ठोकून खेळ करणारे त्यांना काम देत. हिशेब रोकडा होता : गिरणी सुटताना चित्रण करायचं आणि त्याच गावात ते दाखवायचं. जितके चेहरे जास्त, तितकी तिकिटं जास्त. म्हणून त्यांच्या फिल्ममध्ये गर्दीच गर्दी. शाली पांघरलेल्या बायका, टोप्या घातलेले पुरुष, आणि पोरं तर एकदा कॅमेऱ्यासमोरून गेली की वळसा घालून पुन्हा हजर. काही ठिकाणी खेळवालाच चौकटीत घुसून लोकांना पुढे हाकतो. नैसर्गिकपणाचं सोवळं कुणालाच नव्हतं.

खेळ झाला की मालाची किंमत संपली. शेजारच्या गावाला या चेहऱ्यांचं काय कौतुक? 1994मध्ये ब्लॅकबर्नमधल्या त्यांच्या जुन्या दुकानाच्या तळघरात धातूची तीन पिंपं सापडली. आत सुमारे 800 निगेटिव्ह, बहुतेक 1900 ते 1913मधल्या.

रुटमानच्या बर्लिनमध्ये माणसं शहराच्या लयीचा भाग होऊन जातात, तिथे संकलकाची करामत दिसते. पिंपांतली माणसं मात्र सरळ कॅमेऱ्यात बघतात, हसतात, टोप्या उडवतात. मला तीच जास्त आवडतात. पडद्यावर स्वतःला पाहायला ती पदरचे पैसे मोजणार होती.