स्तंभन : झाडीपट्टीतल्या एका समजुतीचा इतिहास

स्तंभन म्हणजे मंत्राच्या बळावर वाणी, गती किंवा काळ जागच्या जागी रोखणारी कल्पित शक्ती. तंत्रग्रंथांतील षट्कर्मांत शांती, वश्य, विद्वेषण, उच्चाटन आणि मारण यांच्या जोडीला तिची गणना होते. बगलामुखी ही तिची देवता. एका हाताने शत्रूची जीभ ओढून धरलेली आणि दुसऱ्या हाताने गदा उगारलेली, असे तिचे रूप सांगितले जाते.

पुराणकारांनी या कल्पनेला हवे तेवढे रान दिले. महाभारताच्या वनपर्वात च्यवन ऋषी इंद्राचा वज्र उगारलेला हात तसाच खिळवून ठेवतात. मार्कंडेय पुराणातील पतिव्रता तर सूर्यालाच अडवते. सूर्य उगवताच पती मरेल असा मांडव्य ऋषींचा शाप असतो, म्हणून ती दिवसच उजाडू देत नाही. यज्ञयाग खोळंबतात, देव हवालदिल होतात, आणि अनसूयेने मध्यस्थी केल्यावरच पहाट होते. काळ थांबवण्याच्या हट्टामागे जवळच्या माणसाचे मरण टाळण्याची धडपड असते, हे या कथेइतके उघडपणे क्वचितच कोणी सांगितले असेल.

मराठी घरांत ही शक्ती शिरली ती मुख्यतः नाथकथांतून. धुंडीसुत मालू यांनी शके १७४१ मध्ये, म्हणजे १८१९ साली, ‘नवनाथ भक्तिसार’ हा ४० अध्यायांचा ओवीबद्ध ग्रंथ पूर्ण केला. त्याची पारायणे आजही होतात. त्यातील नाथांनी स्पर्शास्त्र सोडले की सैनिकांचे पाय जमिनीला चिकटतात. वाताकर्षण अस्त्र सोडले की श्वास कोंडून रणांगण निपचित होते. या साऱ्याचा उगम शाबरी विद्येत दाखवला आहे. शाबर मंत्र लोकभाषेतले असल्यामुळे त्यांना पोथीपंडिताची गरज नव्हती. गावोगावच्या मांत्रिकांना त्यामुळेच नाथांचा वारसा सांगता आला.

भंडारा हा झाडीपट्टीतला, वैनगंगेच्या खोऱ्यातील धानाचा आणि तलावांचा जिल्हा. पावसाळ्यात रोवणी लागते. बायामाणसे दिवसभर बांधीतल्या चिखलात वाकलेली असतात, येणे-जाणे धुऱ्यावरून होते, आणि रात्री थकलेले अंग जमिनीवरच टेकते. बेडूक-उंदरांमागे सापही तिथेच येतात. अशा मुलखात स्तंभनाचा सर्वांत मोठा उपयोग मानला गेला तो ‘विष बांधण्या’साठी. मांत्रिक दंशाच्या वर दोरी करकचून आवळतो, कडुनिंबाचा पाला चावायला देतो आणि मंत्र म्हणत विष उतरण्याची वाट पाहतो.

एकेकाळी याहून वेगळे काही करण्याजोगे नव्हतेही. सर्पविषावरची लस फ्रेंच शास्त्रज्ञ अल्बेर काल्मेत यांनी १८९५च्या सुमारास तयार केली. त्याआधी जगात कुठेच खात्रीचा उपाय नव्हता. शिवाय बरेच साप बिनविषारी असतात आणि विषारी सापही प्रत्येक चाव्यात विष सोडतोच असे नाही. ती माणसे आपोआप वाचत आणि श्रेय मंत्राला जाई. त्या काळच्या लोकांना मूर्ख ठरवणे अन्यायाचे होईल.

कथेतले स्तंभन प्रत्यक्षात घडवतो तो मात्र मण्यार. झोपेत झालेला त्याचा दंश फारसा दुखतही नाही. काही तासांनी पापण्या मिटू लागतात, जीभ जड होते, शब्द फुटत नाही, हातपाय लुळे पडतात. रोगी शुद्धीवर असू शकतो, भोवतालचे बोलणेही त्याला ऐकू येत असते. पण हूं की चूं करता येत नाही. शेवटी श्वासाचे स्नायू थांबतात. मांत्रिकाच्या ओट्यावर गेलेले तास नेमके हेच असतात. आवळलेल्या दोरीने विष थांबत नाही. रक्तपुरवठा तुटून हात किंवा पाय मात्र निकामी होऊ शकतो.

भारतात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली, असा २०२० साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाचा अंदाज आहे. त्यांतील बहुतेक ग्रामीण भागातली, आणि निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबरमधले. अशा मांत्रिकी उपचारांविरुद्ध कायदा व्हावा म्हणून झटणारे डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली. त्यानंतर काही दिवसांतच जादूटोणाविरोधी अध्यादेश निघाला, आणि डिसेंबरमध्ये नागपूरच्या अधिवेशनात कायदा संमत झाला. साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्याला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणे हा त्याखाली गुन्हा असून ६ महिने ते ७ वर्षे कारावासाची तरतूद आहे.

नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांच्या विषावर चालणारी एकच लस आपल्याकडे वापरली जाते. दंश झालेल्या माणसाला धीर द्यावा, दंशाचा अवयव हलू देऊ नये, दोरी बांधू नये, आणि १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलावून थेट रुग्णालय गाठावे.