हॅगिस: हिणवलेल्या अन्नाचा मान

बकरी ईदला दुपारपर्यंत कुर्बानीच्या मटणाचे वाटे होतात आणि घरोघरी पोहोचतात. मग मागे उरते ते खरे कष्टाचे काम, वजडी साफ करण्याचे. गरम पाणी, सुरी आणि तासभर खरवडणे. ज्यांनी वजडी खाल्ली आहे त्यांना तिची चव ठाऊक असते. ज्यांनी खाल्ली नाही ते नाक मुरडतात. या नाक मुरडण्यालाही इतिहास असतो, आणि तो समजून घ्यायचा तर स्कॉटलंडच्या हॅगिसची गोष्ट वाचावी.

हॅगिस म्हणजे मेंढीच्या जठरात भरून उकडलेला खिमा. जठर स्वच्छ करून रात्रभर मिठाच्या थंड पाण्यात ठेवतात. दिल, कलेजी आणि फुप्फुस उकडून बारीक करतात. त्यात भाजलेले जाडसर ओट, गुर्द्याभोवतीची चरबी, कांदा, मीठ, भरपूर मिरी, थोडे जायफळ आणि उकडलेल्याचेच पाणी घालतात. जठर निम्म्याहून थोडेच जास्त भरायचे, कारण ओट फुगतात. तोंड शिवून, सुईने टोचे मारून ते मंद आचेवर सुमारे तीन तास शिजवायचे. टोचे मारले नाहीत तर ते फुटते. सोबत कुस्करलेला बटाटा आणि पिवळसर सलगम.

यातली प्रत्येक गोष्ट गरजेतून आली आहे. मांस खारवून ठेवता येते. कलेजी आणि फुप्फुस त्याच दिवशी शिजवावे लागते. थंड, ओल्या डोंगराळ मुलखात गव्हापेक्षा ओट चांगले येतात. आणि ज्याच्याकडे भांडी कमी, त्याला जनावराचे जठर हेच भांडे.

गंमत अशी की हा पदार्थ मुळात एकट्या स्कॉटलंडचा नव्हताच. १४३०च्या सुमारास इंग्लंडच्या लँकशायर भागात लिहिलेल्या पाककृतींच्या पद्यग्रंथात तो आहे. १६१५ मध्ये गर्व्हेज मार्कहॅमने इंग्रज गृहिणींसाठी लिहिलेल्या पुस्तकातही त्याचा उल्लेख आहे. पुढे इंग्लंडमध्ये तो मागे पडला आणि स्कॉटलंडमध्ये टिकला. मग टिकवणाऱ्यांनाच त्यावरून हिणवले जाऊ लागले.

१७०७ मध्ये स्कॉटलंडची संसद संपली आणि कारभार लंडनहून चालू लागला. १७५५च्या आपल्या प्रसिद्ध शब्दकोशात सॅम्युएल जॉन्सनने ओटचा अर्थ देताना चिमटा काढला: इंग्लंडमध्ये हे धान्य घोडे खातात, स्कॉटलंडमध्ये माणसे. एडिनबराच्या शिकलेल्या मंडळींनी स्वतःची लाज स्वतःच वाटून घेतली. बोलताना कोणते स्कॉट्स शब्द टाळावेत याच्या याद्या तिथल्याच विद्वानांनी छापल्या. अन्नाची लाज आणि बोलीची लाज बहुधा एकाच दाराने घरात शिरतात.

अशा काळात, १७८६च्या अखेरीस, रॉबर्ट बर्न्स एडिनबराला आला. तो शेतकऱ्याचा मुलगा, वय २७. त्याने हॅगिसला उद्देशून कविता लिहिली, तीही आपल्या स्कॉट्स बोलीत. फ्रेंच पक्वान्ने खाणारा किरकोळ देहाचा माणूस आणि हॅगिस खाणारा दणकट खेडूत यांना त्याने समोरासमोर उभे केले, आणि खेडुताला जिंकवले. ज्यावरून हसत होते, तेच त्याने ताठ मानेने ताटात वाढले.

बर्न्स १७९६ मध्ये, अवघ्या ३७व्या वर्षी गेला. १८०१ मध्ये त्याचे नऊ मित्र आणि चाहते ॲलोवेच्या त्याच्या जन्मघरी जमले. जेवणात हॅगिस होते आणि मेंढीची मुंडी होती. त्यातूनच २५ जानेवारीला, त्याच्या जन्मदिनी, जगभर होणारी मेजवानी उभी राहिली. आज कोट-टाय घातलेले लोक हॅगिस आले की उभे राहतात. पदार्थात काही बदलले नव्हते. त्याच्या बाजूने बोलणारा कोणीतरी मिळाला होता.

मुसलमानाला यात काही अडचण आहे का? पारंपरिक हॅगिसमध्ये रक्त नसते. रक्ताचा तो दुसरा पदार्थ, ब्लॅक पुडिंग. मेंढी हलाल असली आणि व्हिस्कीचा रस्सा टाळला की झाले. स्कॉटलंडमध्ये हलाल हॅगिस बनते, आणि ग्लासगोत दक्षिण आशियाई वस्तीने त्याची भजीही केली, ‘हॅगिस पकोडा’. बाहेरून आलेल्यांनी त्या मातीचा पदार्थ आपला केला आणि त्या मातीनेही पकोडा आपला मानला.

आपल्याकडे वजडी मुसलमान खातात, दलित खातात, धनगर खातात. एका घरची ती चव असते, तर दुसऱ्या घरी त्याच वासावरून भाड्याची खोली नाकारली जाते. शाहू पाटोळे यांनी २०१५ मध्ये ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ लिहून मराठवाड्यातल्या महार-मांग समाजांच्या चुलीला पुस्तकात जागा दिली. मुसलमानांच्या चुलीबद्दल मराठीत आपण किती लिहिले? बिर्याणी आणि शिरखुर्म्याचे कौतुक दुसरेही करतात. वजडीबद्दल आपणच लिहायला हवे, आणि ते आपल्या घरच्या मराठीत.

पुढच्या ईदला वजडी साफ करताना आई, खाला, फुफी काय काय सांगतात ते लिहून ठेवा. जमले तर त्यात थोडे भाजलेले ओट भरून शिजवूनही पाहा. टोचे मारायला मात्र विसरू नका.