तळटीप : मॅडिसन स्क्वेअर गार्डन

न्यूयॉर्कमधील बंदिस्त क्रीडागृह. या नावाच्या आजवर चार इमारती झाल्या. पहिल्या दोन (१८७९, १८९०) मॅडिसन चौकालगत होत्या. दुसरीचा वास्तुकार स्टॅनफर्ड व्हाइट याचा १९०६ मध्ये तिच्याच गच्चीवरील नाट्यगृहात गोळ्या घालून खून झाला. तिसरी १९२५ मध्ये आठव्या अव्हेन्यूवर उभी राहिली. चौक सुटला, नाव राहिले. लेखकाचा निर्देश चौथीकडे आहे. फेब्रुवारी १९६८ मध्ये खुली झालेली ही गोल इमारत पेन्सिल्व्हेनिया स्टेशनच्या डोक्यावर आहे. तिच्यासाठी १९१० चे देखणे स्टेशन पाडले, लोक चिडले, आणि १९६५ मध्ये शहराने वारसा-वास्तूंच्या रक्षणाचा कायदा केला. या इमारतीचा मोठा उपकार हाच, तोही नकळत झालेला! आइस हॉकीच्या बर्फावर आच्छादन टाकून, वर लाकडी तक्तपोशी जोडून येथे बास्केटबॉल खेळतात. मुष्टियुद्धातली अली-फ्रेझर लढत (८ मार्च १९७१) येथलीच. त्याच वर्षी १ ऑगस्टला बांगलादेशी निर्वासितांच्या मदतीसाठी येथे दोन मैफली झाल्या. रविशंकर, अली अकबर खाँ आणि अल्लारखाँ यांनी त्यांत वाजवले. श्रेय सहसा जॉर्ज हॅरिसनला दिले जाते; मूळ कल्पना मात्र रविशंकरांची. – संपादक