पुणे डिव्हिजन, मुक्काम कूत

ऑक्टोबर १९१४. पाऊस ओसरलाय आणि कँपात एकच धावपळ उडालीय. तुम्ही पुणे स्टेशनाबाहेर, दारूगोळ्याच्या पेट्या आणि बिथरलेली खेचरं यांच्यामध्ये उभे आहात. हिंदी फौजेच्या सहाव्या डिव्हिजनचं मुख्यालय इथे, म्हणून तिचं नावच ‘पुणे डिव्हिजन’. बेळगाव आणि अहमदनगरच्या छावण्यांतूनही तिच्या पलटणी निघाल्या आहेत. गोऱ्यांच्या, पंजाब्यांच्या आणि राजपुतांच्या पलटणींबरोबर तीन मराठा पलटणी आहेत: १०३, ११० आणि ११७. पोरं बहुतेक कोकणातली आणि घाटावरची. कुठे निघालात म्हणून विचारून बघा, नक्की कोणालाच सांगता येणार नाही. लढाई जर्मनीशी आहे, म्हणजे विलायतेकडे जायचं असणार, असा त्यांचा हिशोब.

१६ ऑक्टोबरला डिव्हिजनची पहिली ब्रिगेड मुंबई सोडते. जहाजं फ्रान्सची वाट सोडून बहरीनपाशी नांगर टाकतात. तुर्कस्तान अजून लढाईत उतरलेलाही नाही. मग ही फौज इथे कशाला? याचं उत्तर आखाताच्या टोकाला, अबादानला आहे. १९०८ साली इराणात तेल लागलं, अबादानला तेल शुद्ध करण्याचा कारखाना उभा राहिला, आणि १९१४च्या उन्हाळ्यात ब्रिटिश सरकारने त्या तेल कंपनीचा निम्म्याहून जास्त हिस्सा विकत घेतला. आरमाराच्या बोटी आता कोळशाऐवजी तेलावर चालायच्या आहेत. दापोली-खेडच्या ज्या घरांत रात्री घासलेटची चिमणी पेटते, तिथली पोरं त्या तेलाच्या राखणीला चालली आहेत. तुर्कस्तान लढाईत येताच ६ नोव्हेंबरला फौज फाओला उतरते, २२ला बसरा पडतं. इथे थांबले असते तर पुढचं काही घडलं नसतं. पण वरिष्ठांच्या डोळ्यांत बगदाद भरतं.

आता नारायण पेठेत, गायकवाड वाड्यात चला. मंडालेहून सुटून टिळकांना काही महिनेच झालेत. ऑगस्टअखेर त्यांनी जाहीर पत्रक काढलं: या संकटात सरकारला मदत करणं हे प्रत्येकाचं कर्तव्य. सहा वर्षांच्या तुरुंगवासानंतर हे वाचून अनेक जण चक्रावले. तिकडे कोल्हापुरात शाहू महाराज सैन्यभरतीला उघड पाठिंबा देत आहेत. एरवी या दोघांचं एका वाक्यावर एकमत होणार नाही. खरा वाद पुढे पेटणार आहे, आणि तो माणसं द्यावीत की नाहीत यापेक्षा कशाच्या बदल्यात द्यावीत, याचा असणार आहे.

आता पुन्हा फौजेबरोबर टायग्रिसच्या काठाने वर चला. नोव्हेंबर १९१५मध्ये बगदाद जवळ आल्यावर तेसिफोनला तुर्कांनी डिव्हिजनला रोखलं. डिव्हिजनचे सेनापती जनरल टाउनशेंड माघारी फिरले आणि नदीच्या वळणातल्या कूत अल अमारा गावात शिरले. ७ डिसेंबरला वेढा पडला. तुम्ही मराठ्यांच्या चरात उतरता, तेव्हा मार्च संपत आला आहे. नदीला पूर आहे, चरांत गुडघाभर चिखल. वरून विमान घोंघावत येतं आणि जात्याची दगडी तळी खाली टाकतं, कारण धान्य थोडंफार आहे पण दळायला साधन नाही. लढाईच्या इतिहासात विमानातून जाती पडल्याचं दुसरं उदाहरण मला ठाऊक नाही.

भाजी नाही म्हणून हिरड्यांतून रक्त येतंय. गोरे शिपाई घोड्याचं मांस खातात. आपली माणसं कित्येक आठवडे त्याला शिवत नाहीत. हिंदुस्थानातल्या धर्मगुरूंच्या संमतीच्या तारा मागवाव्या लागल्या, तरी मन घेईना. त्यांना हट्टी म्हणणाऱ्या इंग्रज लेखकांचा मला राग येतो. गावी परतल्यावर पंगतीतून उठवतील, बहिणीचं लग्न अडेल, ही भीती त्या चरातही खरी होती. एप्रिलमध्ये बहुतेकांनी खाल्लं. तोवर अंगात त्राण उरलं नव्हतं.

२८ एप्रिल १९१६. हा दिवस नीट बघा. बेळगावात टिळक होमरूल लीगची स्थापना करताहेत, मंडपात उत्साह मावत नाही. दुसऱ्याच दिवशी, २९ तारखेला, जवळजवळ पाच महिन्यांच्या वेढ्यानंतर कूत शरण जातं. सुमारे तेरा हजार माणसं कैद होतात. त्यांना सोडवायला आलेल्या फौजेचे तेवीस हजार आधीच मेलेले किंवा जखमी. टाउनशेंड यांची रवानगी कॉन्स्टँटिनोपलजवळच्या बेटावर, आरामात. शिपाई मात्र वाळवंटातून पायी हाकलले जातात, रास अल ऐनजवळ रेल्वेच्या कामाला जुंपले जातात. हजारो परत आले नाहीत.

या नरबळीची चौकशी झाली. १९१७ साली अहवाल आला आणि भारतमंत्री चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. पण माणसं हवीच होती. १० जून १९१८ला मुंबईच्या टाउन हॉलमध्ये गव्हर्नर विलिंग्डन युद्धपरिषद भरवतात. तुम्ही मागच्या रांगेत बसा. टिळक उठतात आणि सांगू लागतात की स्वराज्य आणि देशाचं रक्षण वेगळं काढता येत नाही. गव्हर्नर त्यांना तिथेच थांबवतात. टिळक सभा सोडून निघतात, पाठोपाठ त्यांचे सहकारी नरसोपंत केळकर. गांधीजी त्याच सुमारास खेडा जिल्ह्यात बिनशर्त भरतीसाठी गावोगाव फिरत होते. टिळकांनी त्यांना पन्नास हजारांचा चेक पाठवला होता: हिंदी माणसांना सैन्यात अधिकारपदं मिळतील असं सरकारकडून वदवून घ्या, मी महाराष्ट्रातून पाच हजार जण देतो, कमी पडलो तर हा दंड. गांधीजींनी चेक परत केला. माझं मत टिळकांच्या बाजूचं आहे. बिनशर्त दिलेल्या रक्ताच्या मोबदल्यात १९१९ साली रौलट कायदा आला.

इराकचा प्रश्न मात्र मिटला नाही. १९२० साली तिथे इंग्रजांविरुद्ध उठाव झाला आणि तो मोडायलाही हिंदी पलटणीच पाठवल्या गेल्या. २००३ साली अमेरिकेने त्याच देशासाठी भारताकडे डिव्हिजनभर फौज मागितली, तेव्हा वाजपेयी सरकारने जुलैमध्ये नकार दिला.

आता आजच्या पुण्यात परत या आणि खडकीच्या युद्ध दफनभूमीत जा. हिंदुस्थानात मेलेल्या, कबरी सांभाळता न आलेल्या पहिल्या महायुद्धातल्या सैनिकांची नावं तिथे कोरलेली आहेत. कूतच्या चरातली पोरं या भिंतीवर नाहीत. थडगं नसलेल्यांसाठीचं त्यांचं स्मारक बसऱ्यात उभं राहिलं, चाळीस हजारांहून जास्त माणसांचं. त्यावर गोऱ्या शिपायांची नावं आली. हिंदी शिपायांचे मात्र पलटणीनिहाय नुसते आकडे. हा भेद जाणूनबुजून झाला, हे २०२१ साली राष्ट्रकुल युद्धकबर आयोगाच्याच समितीने कबूल केलं. आयोगाकडे नोंदी आहेत, त्यांत नावं, पलटण, पुष्कळदा बापाचं नाव आणि गावही. १०३, ११० आणि ११७ या तीन पलटणींची यादी देवनागरीत उतरवून पुण्यात, जिथून डिव्हिजनला नाव मिळालं तिथे, दगडावर कोरायला काहीच अडचण नाही. ते काम या शहराने अंगावर घ्यायला हवं.