पॅरिसखालचे साठ लाख निनावी

भयाण स्थळे मुद्दाम पाहायला जाण्याची हौस अलीकडची आहे, असा एक समज आहे. ओस पडलेले तुरुंग, वधाच्या जागा, सांगाड्यांची तळघरे येथे होणारी गर्दी पाहून हे बिघडलेल्या काळाचे लक्षण आहे, असे सहज म्हटले जाते. पॅरिसच्या भूमिगत अस्थिगृहाचा, म्हणजे तेथील प्रसिद्ध 'कॅटकोम्ब'चा इतिहास या समजाला छेद देतो. शिवाय तो एक अडचणीचा प्रश्नही पुढे ठेवतो. अशा ठिकाणी आपण नक्की कोणाला पाहायला जातो?

या इतिहासाची सुरुवात जमिनीवर होते. पॅरिसच्या मुख्य बाजाराला लागून सँ-इनोसाँ ही दफनभूमी होती. तेथे कित्येक शतके शहराचे मृत पुरले जात होते. गरिबांना स्वतंत्र थडगे नसे. एकाच मोठ्या खड्ड्यात एकावर एक प्रेते ठेवली जात. जागा कमी पडली की जुनी हाडे उकरून भोवतालच्या कमानींवरील माळ्यांत रचली जात. याच आवाराच्या भिंतीवर १४२४-२५ मध्ये 'मृत्यूचे नृत्य' चितारले गेले. पोप, सम्राट, व्यापारी, शेतकरी अशा प्रत्येकाचा हात धरून एकेक प्रेत त्याला ओढून नेत आहे, असे ते चित्र होते. मृत्यूपुढे सारे सारखे, हा त्याचा बोध. १६६९ मध्ये रस्तारुंदीसाठी ती भिंत पाडली गेली. शेजारचे खड्डे मात्र भरतच राहिले.

१७८० मध्ये दफनभूमीच्या दाबाने लगतच्या एका घराच्या तळघराची भिंत फुटली आणि आतला मजकूर त्या तळघरात लोटला. त्यानंतर तेथील दफन बंद झाले. त्याच सुमारास शहराला दुसरेही एक दुखणे जडले होते. ज्या चुनखडीने पॅरिस बांधले, तिच्या जुन्या खाणी शहराच्या दक्षिण भागाखाली पोकळ पसरल्या होत्या. १७७४ मध्ये एका रस्त्याचा मोठा भाग खचल्यावर सरकार जागे झाले. १७७७ मध्ये शार्ल-आक्सेल गियोमो या वास्तुविशारदाकडे खाणींना आधार देण्याचे काम सोपवण्यात आले. वर जागा नाही आणि खाली पोकळी आहे, तेव्हा वरचे मृत खाली न्यावेत, असे ठरले. ७ एप्रिल १७८६ रोजी खाणींचा हा भाग विधिपूर्वक पवित्र करण्यात आला. रात्री काळ्या कापडाने झाकलेल्या गाड्या निघत आणि बरोबर धर्मगुरू प्रार्थना म्हणत चालत. सँ-इनोसाँ रिकामे व्हायला सुमारे पंधरा महिने लागले. पुढे इतर दफनभूमींची पाळी आली. एकूण साठ लाखांच्या आसपास माणसांच्या अस्थी खाली गेल्या, असा अंदाज आहे.

पर्यटक यायला फारसा वेळ लागला नाही. १७८७ मध्येच राजाचा धाकटा भाऊ, पुढे दहावा शार्ल म्हणून गादीवर आलेला आर्त्वाचा काउंट, दरबारातील स्त्रियांना घेऊन तेथे उतरला. १८०९ मध्ये सामान्यांना प्रवेश मिळाला. तोवर हाडे बरीचशी नुसती ओतलेलीच होती. खाणींचा निरीक्षक एरिकार द त्युरी याने त्यांची मांडणी केली. मांड्यांची लांब हाडे टोके बाहेर ठेवून भिंतीसारखी रचली, मधून मधून कवट्यांच्या ओळी बसवल्या, स्तंभ उभारले, मृत्यूविषयक वचने कोरली. आज छायाचित्रांतून ओळखीचे झालेले कॅटकोम्ब हे मृत्यूचे नव्हे, या अधिकाऱ्याच्या अभिरुचीचे काम आहे. दर्शनी भिंत जेमतेम हाडाच्या लांबीएवढी जाड आहे. तिच्यामागे बरगड्या, मणके, बोटे आणि मोडके तुकडे यांचा ढीग आहे. तो दिसू नये हाच भिंतीचा हेतू.

ठिकठिकाणी शिलाफलक आहेत. त्यांवर दफनभूमीचे नाव आणि तारीख असते; पण ती तारीख मृत्यूची नव्हे, हाडे हलवल्याची असते. नगरव्यवस्थेने या माणसांविषयी जपून ठेवलेली माहिती एवढीच. भिंतीवरच्या चित्रातला शेतकरी निदान शेतकरी म्हणून ओळखू येत होता.

१८६० नंतर लवकरच छायाचित्रकार नादार विजेचे दिवे घेऊन खाली उतरला. एकेका छायाचित्राला अठरा अठरा मिनिटे लागत आणि जिवंत माणूस तेवढा वेळ स्थिर राहणे अशक्य, म्हणून काम करणाऱ्या मजुराच्या जागी त्याने कपडे घातलेला पुतळा उभा केला. हाडे खरी, माणूस खोटा! एप्रिल १८९७ मध्ये तर निवडक निमंत्रितांसाठी येथे मध्यरात्री वाद्यवृंदाचा कार्यक्रम झाला. त्यात शोपँच्या शोकयात्रेच्या संगीताबरोबर सँ-साँसचे 'मृत्यूचे नृत्य'ही वाजवले गेले.

याच शहरातील शवागाराची कथा याला पूरक आहे. १८६४ पासून नोत्रदामच्या मागे असलेल्या या इमारतीत बेवारस प्रेते काचेपलीकडे ठेवली जात. उद्देश रास्त होता: कोणीतरी ओळखावे, मृताला त्याचे नाव परत मिळावे. प्रत्यक्षात गाजलेल्या प्रकरणांच्या वेळी हजारोंची रांग लागे, आणि ओळख पटवायला आलेले त्यांत थोडेच असत. अखेर १९०७ मध्ये हे दर्शन बंद करण्यात आले. कॅटकोम्ब मात्र चालू राहिले. ताज्या प्रेताला कोणाचा तरी भाऊ असण्याची शक्यता असते, ती पाहणाऱ्याला बोचते. कवटीबाबत ही शक्यता संपलेली असते. भीतीची मजा घेता येण्यासाठी आधी मृताचे नाव पुसले जावे लागते, आणि ते काम आपल्या आधी कोणीतरी करून ठेवलेले असते.

दहनाची आणि अस्थिविसर्जनाची सवय असलेल्या आपल्याला हाडांची भिंत पाहून धक्का बसणे साहजिक आहे. पण त्या धक्क्यावरून पॅरिसकरांना विकृत ठरवण्यात अर्थ नाही. आपणही देह निनावी करतोच, फक्त ती राख नदी नेते आणि नाव घरात राहते. सँ-इनोसाँच्या खड्ड्यांतील गरिबांची नावे ठेवणारे घरही उरले नाही. तेव्हा तेथे जाणाऱ्याने कवट्यांपुढे थरारून घ्यावे, त्यात पाप नाही. फक्त निघण्यापूर्वी एखाद्या फलकावरची ती कोरडी तारीखही वाचावी.