गाद्या वाहणारा प्राध्यापक

हार्वर्ड विद्यापीठाचं फॉग कलासंग्रहालय 1895 साली उघडलं आणि त्यातल्या व्याख्यानगृहाची लवकरच फजिती झाली. रिचर्ड मॉरिस हंट या नामवंत वास्तुविशारदानं आखलेली देखणी, अर्धवर्तुळाकार जागा. पण कुणी बोलायला उभं राहिलं की एक वाक्य धड कळेना. रिकाम्या दालनात उच्चारलेला शब्द साडेपाच सेकंद घुमत राहायचा. तेवढ्यात वक्ता पुढचे दहा-बारा शब्द बोलून मोकळा झालेला असे. सगळे शब्द एकमेकांत मिसळून नुसता कल्लोळ उरे.

विद्यापीठाचे अध्यक्ष चार्ल्स एलियट यांनी हे लचांड वॉलेस सबाइन या 27 वर्षांच्या प्राध्यापकाच्या गळ्यात टाकलं. सबाइन भौतिकशास्त्रातला, पण ध्वनी हा काही त्याचा खास विषय नव्हता. तसा तो फारसा कुणाचाच नव्हता. सभागृहात आवाज चांगला लागणं हा दैवाचा भाग समजला जाई. गाजलेल्या जुन्या सभागृहाची नक्कल करावी, आवाज घुमलाच तर छताखाली तारा ताणाव्यात, असले उपाय चालत. तारांचा उपयोग शून्य.

सबाइननं मोजायला सुरुवात केली. साधनं अगदी मोजकी: दाबाखालच्या हवेनं वाजणारी ऑर्गनची एक नळी, वेळ नोंदवणारं यंत्र आणि स्वतःचे कान. नळी वाजवायची, बंद करायची आणि आवाज ऐकू येईनासा होईपर्यंत किती वेळ गेला ते टिपायचं. दिवसा रस्त्यावरचा गलका आड यायचा, म्हणून हे सारं मध्यरात्रीनंतर. विद्यापीठातल्याच सँडर्स थिएटरच्या आसनांवरच्या गाद्या मदतनिसांसोबत उचलून फॉगमध्ये आणायच्या, थोड्या थोड्या अंथरत पुन्हा पुन्हा मोजायचं आणि सकाळच्या आत त्या परत जागेवर नेऊन ठेवायच्या. गाद्या वाढल्या की घुमण्याचा वेळ घटे.

मग एक भलतीच अडचण निघाली. आकडे जुळेनात, तेव्हा ध्यानात आलं की प्रयोग करणाऱ्याचे कपडेही आवाज शोषतात; अंगावरचा पोशाख बदलला की उत्तर बदलतं. सबाइननं हजारो नोंदी बाद केल्या आणि पुढे प्रयोगाला ठरलेलेच कपडे घातले.

आवाज शोषण्याचं माप म्हणून त्यानं उघडी खिडकी निवडली. खिडकीतून बाहेर गेलेला आवाज परत येत नाही, म्हणजे ती सगळंच गिळते. गादी, गालिचा, गिलावा, माणूस, प्रत्येकाची किंमत मग त्या खिडकीच्या हिशेबात मांडता आली. 1898च्या ऑक्टोबरात सूत्र हाती लागलं: दालनाचं घनफळ जितकं मोठं तितका आवाज जास्त वेळ रेंगाळतो, आणि आतलं शोषण जितकं जास्त तितका लवकर विरतो. फॉगच्या भिंतींवर नमदा लावला आणि व्याख्यानं ऐकू येऊ लागली.

खरी परीक्षा बॉस्टनमध्ये झाली. हेन्री ली हिगिन्सन हा धनिक आपल्या वाद्यवृंदासाठी नवं सिंफनी हॉल बांधत होता. वास्तुविशारद होते मॅकिम, मीड अँड व्हाइट. ग्रीक नाट्यगृहासारखा आराखडा मागे पडला होता आणि जर्मनीतल्या लाइपझिगचं गेवांडहाउस डोळ्यांसमोर होतं. पण ते होतं सुमारे दीड हजार आसनांचं. बॉस्टनला अडीच हजारांहून जास्त हवी होती. सगळी मापं सारख्या प्रमाणात वाढवली तर घनफळ बेसुमार फुगून संगीताचा चिखल होईल, हे सबाइननं कागदावर दाखवून दिलं. लांबोडक्या, अरुंद पेटीचा आकार राखून गॅलऱ्यांतून आसनं वाढवण्यात आली. 15 ऑक्टोबर 1900 रोजी बीथोवनच्या ‘मिसा सोलेम्निस’नं सभागृहाचं उद्घाटन झालं. सुरुवातीला काही समीक्षकांनी नाकं मुरडली. आज व्हिएन्ना आणि अ‍ॅमस्टरडॅमच्या जोडीनं जगातल्या सर्वोत्तम तीन सभागृहांत त्याचं नाव घेतलं जातं.

सूत्र मिळालं म्हणून चुका थांबल्या नाहीत. न्यूयॉर्कचं फिलहार्मॉनिक हॉल 1962 साली उघडलं. त्यासाठी लिओ बेरानेक या नामांकित ध्वनितज्ज्ञानं देशोदेशींची सभागृहं अभ्यासली होती. आराखडा बदलून आसनं वाढवली गेली आणि खर्जाचे स्वर हरवले, वादकांना एकमेकांचं ऐकू येईना. 1976 साली आतला भाग पार उखडून नव्यानं बांधावा लागला. ते काम वास्तुविशारद फिलिप जॉन्सन आणि ध्वनितज्ज्ञ सिरिल हॅरिस यांनी केलं.

याच जोडीनं मग मुंबईत नरिमन पॉइंटला एनसीपीए या कलाकेंद्राचं टाटा थिएटर उभं केलं. 1980 साली उघडलेल्या या सुमारे हजार आसनांच्या नाट्यगृहात सतार किंवा गळा मायक्रोफोनशिवाय मागच्या रांगेपर्यंत पोचावा, असा विचार होता.

आपल्याकडे नाट्यगृहांचं नूतनीकरण निघालं की चर्चा होते ती आसनांच्या रंगाची, वातानुकूलनाची आणि वाहनतळाची. खुर्चीचं कापड बदललं, पडदा काढला, भिंतीला गुळगुळीत फरशी लावली, की सबाइनच्या सूत्रातला आकडा बदलतो आणि शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकाचा संवाद बुडतो. म्हणून निविदा काढण्याआधी आणि काम संपल्यावर नाट्यगृहात आवाज किती सेकंद घुमतो ते मोजून घ्यावं आणि दोन्ही आकडे प्रवेशद्वारावर लावावेत, एवढा आग्रह तिकीट काढणाऱ्यांनी धरायला हरकत नाही.