यारीचें ओझें कोणाच्या खांद्यावर?

बर्लिन शहराच्या मोआबिट भागांत रस्त्याच्या कडेनें पोलादी खांबांची एक लांब रांग उभी आहे. प्रत्येक खांब पायथ्याशीं एका भक्कम बिजागरीवर टेकलेला असून ती बिजागरी येणाऱ्या-जाणाऱ्याच्या डोळ्यांस सहज दिसते. ए. ई. जी. या वीज-कंपनीचा हा टर्बाइनांचा कारखाना १९०९ सालीं बांधला गेला. त्याचें रूप वास्तुविशारद पीटर बेहरेन्स यांनीं ठरविलें. सांगाड्याचें गणित मात्र कार्ल बर्नहार्ड या इंजिनियराचें.

टर्बाइनचे भाग अतिशय वजनदार. ते उचलण्यासाठीं छपराखालीं प्रत्येकीं ५० टन पेलणाऱ्या दोन याऱ्या धांवत्या ठेवावयाच्या होत्या, आणि सारी अडचण या 'धांवत्या' शब्दांत आहे. छपराचें ओझें जागचें हलत नाहीं. यारीचें सारखें हिंडतें. ती रुळावरून सरकतांना खालची तुळई क्षणभर वांकते व पुन्हां सरळ होते, आणि वर्षानुवर्षें हेंच चालल्यानें पोलादासही थकवा येतो. वरचा गाडा एकाएकीं थांबला कीं खांबांना आडवा हिसका बसतो. सबंध यारी थांबली कीं तोच हिसका रुळांच्या दिशेनें जातो. शिवाय दोन रुळांमधील अंतर किंचित् फांकलें तरी चाकें अडूं लागतात. म्हणून खांब आणि छप्पर मिळून ताठ चौकटी कराव्या लागतात. पायथ्याच्या बिजागरीमुळें चौकटीस उन्हाथंडीनें जरासें हलण्यास मोकळीक मिळते, आणि पायावर वांकविणारा जोर येत नाहीं.

वाद उपस्थित झाला तो दर्शनी कोपऱ्यांवरून. तेथें बेहरेन्स यांनीं आंत कललेले, आडव्या पट्ट्यांचे काँक्रीटचे प्रचंड कोपरे उभारले. वरचा जड दर्शनी भाग त्यांनींच तोलला आहे असें कोणासही वाटावें. वास्तविक तें केवळ आवरण होय. बर्नहार्ड यांनीं हा आक्षेप उघडपणें मांडला. नुसत्या लोखंड-कांचेस भारदस्तपणा येत नाहीं, ही बेहरेन्स यांची दृष्टि. ती अगदींच टाकाऊ नव्हे, कारण आजही पाहणाऱ्याची नजर प्रथम त्या कोपऱ्यांवरच खिळते. परंतु हिशेबाच्या बाजूनें इंजिनियराचेंच म्हणणें खरें.

१९३९ सालीं कारखाना १२३ मीटरांवरून २०७ मीटरांपर्यंत लांबविण्यांत आला. त्या वेळीं मूळच्याच धर्तीवर पुढें चालू राहिली ती पोलादी खांबांची रांग.